संगणक अडतो परवानगीपाशी, दोष जातो सर्व्हरवर

नोव्हेंबर २०२५ मधली गोष्ट. पीएम किसानचा एकविसावा हप्ता १९ तारखेला पडला, त्याच्या आधीचा आठवडा. आमच्या मंडळातल्या एका गावात सेवा केंद्रासमोर सकाळी साडेनऊलाच पंधरा-वीस माणसं बसलेली होती. कुणाची ई-केवायसी अडलेली, कुणाचं फार्मर आयडीचं काम राहिलेलं. अंगठ्याचं यंत्र मात्र काही केल्या पेटेना. केंद्रचालक पोरगा म्हणाला, "सर्व्हर डाऊन आहे, दुपारी बघू." दुपारी तेच, दुसऱ्या दिवशी तेच. हरभऱ्याचं पाणी सोडून आलेले लोक दोन दिवस ओट्यावर बसून परत गेले. शिव्या पडल्या सरकारला, थोड्या आम्हाला. आम्ही खात्याची माणसं गावात समोर दिसतो ना!

तिसऱ्या दिवशी त्याच गावचा एक मुलगा, जो पुण्याला संगणक दुरुस्तीच्या दुकानात काम करतो, त्याला फोन लावला. त्याने केंद्रावरच्या संगणकात एनीडेस्क उघडायला लावलं, त्यातला नऊ-दहा आकडी क्रमांक विचारला आणि आपल्या हातातल्या मोबाईलवरून इथला पडदा बघू लागला. दुकानात जेवणाची सुट्टी होती, एका हातात डबा असेल. सात-आठ मिनिटांत म्हणाला, "आता लावा अंगठा." यंत्रात लाल दिवा लागला. सर्व्हर दोन्ही दिवस व्यवस्थित चालू होता.

मग झालं काय होतं? हे समजून घेण्यासारखं आहे, कारण असला खोळंबा कुठल्याही केंद्रावर होऊ शकतो. अंगठ्याचं यंत्र संगणकाला जोडलं की त्याच्यासोबत आरडी सर्व्हिस नावाचा एक छोटा प्रोग्राम मागे चालू राहतो. पोर्टलचं पान त्या प्रोग्रामशी संगणकाच्या आतल्या आत बोलतं आणि तेव्हा कुठे अंगठा उठतो. ऑक्टोबर २०२५ च्या अखेरीस क्रोम ब्राउझरची १४२ वी आवृत्ती आली. तेव्हापासून एखाद्या संकेतस्थळाला असं आत डोकवायचं असेल तर क्रोम आधी वापरणाऱ्याला विचारू लागला. हेतू चांगला आहे. कुठल्याही भलत्या संकेतस्थळाने तुमच्या यंत्रांशी परस्पर बोलू नये. पण प्रश्न येतो इंग्रजीत, कोपऱ्यात, समोर वीस माणसं उभी असताना. आपल्या केंद्रचालकाने तो "नको" म्हणून घालवला. एकदा नको म्हटलं की क्रोम ते लक्षात ठेवतो, पुन्हा विचारत नाही. पुण्याच्या मुलाने एवढंच केलं. पत्त्याच्या डाव्या हाताला जी छोटी खूण असते ती दाबली, साइट सेटिंग्ज उघडलं, लोकल नेटवर्कच्या ओळीसमोरचं ब्लॉक काढून अलाऊ केलं आणि पान पुन्हा उघडलं.

अशाच जातीची दुसरी अडचण पावतीची. अर्ज जातो, पैसे कापले जातात, पण पावतीचं पान उघडतच नाही. ब्राउझरने त्याला जाहिरात समजून अडवलेलं असतं. शेतकरी बिनपावतीचा घरी जातो. एक रुपयातला पीक विमा २०२३ च्या खरिपात आला आणि २०२५ च्या खरिपापासून बंद झाला. आता खरिपाला विमा रकमेच्या दोन टक्के, रब्बीला दीड टक्का आणि नगदी पिकांना पाच टक्क्यांपर्यंत हप्ता शेतकऱ्याला भरावा लागतो. रुपया गेला तर माणूस हसून सोडून देत होता. आता हजार-बाराशे भरून हातात कागद नाही, तर उद्या नुकसानीच्या वेळी दाखवायचं काय? आणि हा अडसर काढायचा तर त्या संकेतस्थळापुरती पॉप-अपची परवानगी द्यायची, एका मिनिटाचं काम.

कॅमेऱ्याचंही तसंच. शेतकऱ्याचा फोटो निघत नाही म्हणून नवीन कॅमेरा विकत आणलेला मी पाहिला आहे. विंडोजच्या सेटिंग्जमध्ये प्रायव्हसीखाली कॅमेऱ्याचं बटण बंद होतं. नवीन कॅमेराही अर्थातच चालला नाही.

आता मुद्दा असा, की ही कामं करणारा माणूस तालुक्याला असतो. आमच्याकडे तालुका बावीस किलोमीटर. तो येणार दोन दिवसांनी, येण्याचे पाचशे मागणार. केंद्रचालकाला पगार नाही, अर्जामागे मिळतं ते त्याचं. म्हणून तो बोलावत नाही, "सर्व्हर डाऊन" सांगून वेळ मारून नेतो. सगळा भार पडतो तो जाण्यायेण्याचं भाडं आणि दिवसाची मजुरी घालवणाऱ्या शेतकऱ्यावर. एप्रिल २०२५ पासून कृषी खात्याच्या योजनांना फार्मर आयडी सक्तीचा झाला. म्हणजे ठिबक असो की अवजार, वाट शेवटी त्या एका संगणकापुढूनच जाते. अशा वेळी लांबच्या जाणकाराने मोबाईलवरून हात लावून दुरुस्ती करणं ही चैन राहत नाही. या पद्धतीच्या बाजूने मी आहे, हे आधीच सांगून टाकतो. मी कृषी पदविकेचा माणूस, संगणकाचा नव्हे. पण बांधावरून परतताना केंद्रावर थांबून जे दिसलं त्यावरून बोलतो आहे.

मात्र या सोयीच्या पाठोपाठ जे येतं ते बघून पोटात गोळा येतो. एका केंद्रावर विचारलं, "दुरुस्तीवाला लांबून येतो तेव्हा तू हो म्हणतोस का?" तो म्हणाला, "नाही साहेब, त्याने पासवर्ड टाकून ठेवलाय. तो कधी पण येतो, मला त्रास नाही." म्हणजे रात्री संगणक चालू राहिला तर तो माणूस आपल्या घरून मोबाईलवर सगळं उघडू शकतो. आणि त्या संगणकात काय आहे? डाउनलोडच्या फोल्डरमध्ये तीन वर्षांची आधार कार्डं, सातबारे, बँक पासबुकांचे फोटो, नावासकट. गावातल्या निम्म्या घरांच्या तिजोरीच्या चाव्या म्हणा. दुरुस्तीवाला भला असेलही. त्याचा मोबाईल हरवला तर?

दुसरी खोड अशी की, परवानगीची कटकट नको म्हणून काही जण सगळंच सताड उघडं करून ठेवतात. अँटिव्हायरस बंद, विंडोज मध्येच पडदा काळा करून "बदल करू का?" असं विचारतं ते बंद, आणि रोजचं काम मालकी हक्काच्या खात्यातून. गोठ्याची कडी सारखी अडकते म्हणून दारच काढून ठेवण्यातला हा प्रकार. त्यात बरेच जुने संगणक विंडोज १० वर आहेत आणि त्याचा सर्वसाधारण आधार मायक्रोसॉफ्टने १४ ऑक्टोबर २०२५ रोजी थांबवला आहे.

तो काळा पडदा खरं तर आपल्या उपयोगाचा आहे. एनीडेस्क संगणकात पक्कं न बसवता नुसतं चालवलं, तर हा प्रश्न आला की मोबाईलवरून बघणाऱ्याचा हात तिथे सहसा थांबतो. "हो" म्हणायला खुर्चीवरचाच माणूस लागतो. पुण्याच्या मुलाला एकदा याचा वैताग आला होता. मला वाटतं, थोडा वैताग असलेला बरा.

केंद्राचा संगणक एक आणि आपला स्वतःचा मोबाईल दुसरा, हा फरक शेतकरी बांधवांनी पक्का लक्षात ठेवावा. केंद्रचालक ओळखीच्या माणसाला स्वतः फोन करून बोलावतो, ते वेगळं. पण "बँकेतून बोलतोय, केवायसी संपली, एनीडेस्क टाका आणि नंबर सांगा" असा फोन तुमच्या मोबाईलवर आला, तर तो चोर समजावा. रिझर्व्ह बँकेने फेब्रुवारी २०१९ मध्येच बँकांना या प्रकाराबद्दल सावध केलं होतं. पीएम किसानच्या नावाने व्हॉट्सॲपवर फिरणाऱ्या एपीके फाईलची चालही तीच. ती बसवली की आधी एसएमएस वाचायची परवानगी मागते, मग ॲक्सेसिबिलिटीची. ती दिली की तुमचा पडदा वाचणं आणि तुमच्या वतीने बटण दाबणं, दोन्ही तिच्या हातात जातं. पैसे गेलेच तर लाजत बसू नका, १९३० या क्रमांकावर ताबडतोब फोन करा. लवकर कळवलं तर पुढच्या खात्यात रक्कम अडवता येण्याची आशा असते.

केंद्रांच्या बाबतीत माझं म्हणणं थोडं आहे. तालुक्याला या कामासाठी एक ठरलेला माणूस हवा, ज्याचा क्रमांक प्रत्येक केंद्राच्या भिंतीवर असेल. त्याने लांबून यावं, पण दर वेळी केंद्रचालकाने खुर्चीवर बसून हो म्हटल्यावरच. एनीडेस्क येणाऱ्याला आत घेताना बाजूला खुणा दाखवतं. त्यातली फाईल नेण्या-आणण्याची खूण आधी बंद करावी, कारण परवानगीचं बटण फिरवायला फाईल लागत नाही. कायमचा पासवर्ड नको. आणि दिवसाचं काम संपलं की शेतकऱ्यांची कागदपत्रं डाउनलोडमधून पुसावीत. याला सरकारी निधी लागत नाही, तालुक्याच्या एका बैठकीत ठरण्यासारखं आहे. बैठका आपल्याकडे काही कमी होत नाहीत.

त्या गावच्या केंद्रचालकाने आता एक वही घातली आहे. कोण आलं, किती वाजता, काय उघडलं, किती वाजता गेलं. मी गेलो की ती वही पुढे करतो. गेल्या खेपेला त्यात चार नोंदी होत्या, तीन पावतीच्या आणि एक कॅमेऱ्याची. "सर्व्हर डाऊन" अशीही एक ओळ होती. ती मात्र त्या दिवशी खरी होती म्हणे.