हातात किती पडतो पगार?



उसाचे बिल धरताना आपण टनाला भाव गुणून थांबत नाही. सोसायटीची वसुली वजा करूनच घरखर्च बेततो. पण पोरगा एम.आय.डी.सी.त रोजंदारीवर लागला, की हीच रीत विसरतो. तासाला ७० रुपये, आठ तासांचे ५६०, गुणिले ३०, झाले १६,८००! आणि त्याच आकड्यावर मोटारसायकलचा हप्ता ठरतो.

खरा हिशेब असा. सुट्टीचा रोज मिळत नसेल, तर दिवस २६, मजुरी १४,५६०. या सगळ्या मजुरीवर १२ टक्के भविष्य निर्वाह निधी धरला, तर १,७४७ गेले. ई.एस.आय. जुलै २०१९ पासून पाऊण टक्का, म्हणजे ११०. व्यवसाय कर २००, फेब्रुवारीत ३००. हातात उरले १२,५०३. चार खाडे झाले, तर आणखी जवळजवळ दोन हजार कमी.

निधीची कपात मात्र बुडीत नव्हे. मालकालाही तेवढीच भर घालावी लागते. ‘कापू नका, रोख द्या’ म्हणणे म्हणजे बेण्याचा ऊस गाळपाला घालणे होय. तेव्हा हप्ता ठरवण्याआधी पगाराची चिठ्ठी वाचा. आणि चिठ्ठीत कपात आहे, पण खात्यावर भरणा दिसत नाही, असे असेल तर गप्प बसू नका. तो पैसा घामाचा आहे.