डब्यावरचं नाव



दिवाळीची आवराआवर म्हटली की माळ्यावरची पितळी भांडी खाली येतात. इथे बोदवडला आमच्या शेजारच्या काकूंची नात चिंचेनं डबा घासत होती. मध्येच थांबून म्हणाली, "आजी, यावर कोणाचं गं नाव?"

"माझंच ते. माहेरचं."

पोर बघतच राहिली. लग्नात तांदळात अंगठीनं लिहिलेलं तेवढंच आजीचं नाव तिला ठाऊक. पहिल्या नावानं काकूंना हाक मारणारं आता कुणी उरलेलंच नाही.

मला सादिया शेपर्ड आठवली. ही अमेरिकेत वाढलेली लेखिका, माहितीपटही करते. वडील अमेरिकन ख्रिस्ती, आई पाकिस्तानी मुसलमान. हिला लहानाचं मोठं करायला आईची आई घरात. तेराव्या वर्षी आजीच्या वस्तूंत हिला एक पिन सापडली. त्यावर नाव, रेचेल जेकब्स. ही कोण? तर आजीच! मुंबईच्या बेने इस्राएल ज्यू घरातली लेक. लग्न मुसलमान गृहस्थाशी झालं, रेचेलची राहत सिद्दीकी झाली, फाळणीनंतर बिऱ्हाड कराचीला गेलं.

बेने इस्राएल म्हणजे परके नव्हेत हं. अलिबागजवळ नवगावला गलबत फुटलं, त्यातून वाचलेल्या सात जोडप्यांचे हे वंशज, असं ते सांगतात. कोकणात तेलाचे घाणे चालवायचे. शनिवारी घाणा बंद, म्हणून लोक म्हणत 'शनवार तेली'. आडनावं पेणकर, रोहेकर, किहीमकर. बोली मराठी. नवरीला मेंदी, हिरवा चुडा, मंगळसूत्रसुद्धा! शुभकार्याला एलिया संदेष्ट्याच्या नावानं मलिदा करतात, म्हणजे खोबरं घातलेले गोड पोहे आणि फळं. पुढे यातले बहुतेक इस्राएलला गेले.

आजीला दिलेल्या शब्दाखातर सादिया २००१ साली भारतात आली. कोकणात आणि मुंबईत हिंडली. त्यातून २००८ साली 'द गर्ल फ्रॉम फॉरेन' हे पुस्तक आणि 'इन सर्च ऑफ द बेने इस्राएल' हा माहितीपट झाला. पण आजी तोवर गेलेली. शेजारी बसून तिलाच विचारायचं, ते परमुलखात परक्यांना विचारत फिरावं लागलं.

आपल्याला तर विचारायला सातासमुद्रापलीकडे जायला नको. मग एवढं कराच. एका वहीत आपलं, आईचं, आजीचं आणि सासूबाईंचंही माहेरचं नाव-गाव लिहा. जुन्या फोटोंच्या पाठीवर नावं घाला, पण मऊ पेन्सिलीनं. शाई पुढच्या बाजूला उमटते. आणि भांडी मोडीत देण्याआधी त्यांवरची नावं वाचा. कुणी विचारील याची वाट पाहू नका, मुलांना आपणहून सांगा.

काकूंचा डबा काही पुन्हा माळ्यावर गेला नाही. बिबड्या भरून तो फळीवर ठेवलाय, नावाची बाजू पुढे करून.