मुलाच्या फायलीतला तो छोटा कोड वाचा

मुलीला पुढे वाकायला लावलं, पाठीच्या एका बाजूच्या बरगड्या वर आलेल्या दिसल्या, एक्स-रे झाला आणि डॉक्टर म्हणाले, स्कोलिओसिस आहे. त्यानंतर आईबापांना एकच प्रश्न सुचतो : ऑपरेशन करावं लागेल का? त्या घालमेलीत डिस्चार्ज कार्डावर किंवा कॅशलेसच्या फॉर्मवर निदानाशेजारी लिहिलेल्या कोडकडे कुणाचं लक्ष जात नाही. ते तिकडे जाऊ द्या, अशी विनंती आहे.

हे कोड जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० या यादीतले. कणा बाजूला वाकला असेल तर एम ४१. दशांशचिन्हापुढचा आकडा प्रकार सांगतो. एम ४१.१ म्हणजे वाढत्या वयातला, कारण न सापडलेला बाक. (दप्तराला उगाच बोल लावू नका, त्याने स्कोलिओसिस होत नाही.) सेरेब्रल पाल्सीसारख्या आजारातून आलेला बाक एम ४१.४ मध्ये जातो. एम ४१.९ म्हणजे प्रकार नोंदवलेलाच नाही. पहिल्या भेटीत हे चालून जातं, पण सगळ्या तपासण्या झाल्यावरही तेच राहिलं असेल तर डॉक्टरांना जरूर विचारा.

जन्मतःच एखादा मणका अर्धवट असेल किंवा दोन मणके जोडलेले असतील, तर कोड बदलून क्यू ७६.३ होतो. हा फरक नुसता कागदावरचा नाही. अशा मुलांमध्ये मूत्रपिंडात किंवा हृदयातही जन्मजात दोष असू शकतो, म्हणून सोनोग्राफी आणि टूडी इको करून घ्यावी लागते. शिवाय विम्याचा प्रश्न आहेच. अनेक पॉलिसींत बाहेरून दिसणारं जन्मजात व्यंग वगळलेलं असतं, शरीराच्या आतलं मात्र वेगळं धरतात. दावा नाकारला तर मणक्यातला दोष आतला आहे, असं सर्जनकडून लिहून घ्या आणि कंपनीच्या तक्रार विभागाकडे जा. तिथे दाद लागली नाही तर विमा लोकपालांकडे.

उलट, दावा मंजूर व्हावा म्हणून क्यूच्या जागी एम लिहायला कुणाला गळ घालू नका. एक्स-रेमध्ये अर्धा मणका स्वच्छ दिसतो, आणि मग खोट्या माहितीचा ठपका तुमच्यावर येतो.

अमेरिकेहून परतलेल्या कुटुंबांनी गोंधळू नये. तिथल्या यादीत दहा वर्षांच्या आसपासची सीमा धरून लहान आणि किशोरवयीन असे दोन गट केलेत, कण्याचा भागही कोडमध्येच येतो. त्यामुळे एम ४१.१२४ आणि इथला एम ४१.१ हे एकाच बाकाचे कोड असू शकतात.

या कोडमध्ये एक गोष्ट मात्र कधीच नसते : बाक किती अंशांचा आहे. आणि उपचार ठरतात ते त्यावरच. बाकाचा हा कोन, म्हणजे कॉब कोन, १० अंशांच्या आत असेल तर त्याला स्कोलिओसिस म्हणतच नाहीत. साधारण २५ ते ४० अंश असून मूल अजून वाढत असेल तर ब्रेस, ४५-५० च्या पुढे गेल्यावर शस्त्रक्रियेचा विचार. म्हणून प्रत्येक भेटीत कोन आणि रिसर ग्रेड, म्हणजे हाडांची वाढ किती उरली आहे ते, केसपेपरवर तारखेसह लिहून मागा. एक्स-रेच्या जुन्या फिल्म किंवा सीडी रद्दीत टाकू नका. मोजणीतच पाचेक अंशांचा फरक पडू शकतो, त्यामुळे बाक खरोखर वाढला की नाही हे जुनी आणि नवी फिल्म शेजारी लावल्यावरच डॉक्टरांना ठरवता येतं.