मुरब्बी कोणाचे?

मूळ अरबी अर्थाने ‘मुरब्बी’ म्हणजे संगोपन करणारा, पालनकर्ता. पाकात मुरवलेला ‘मुरब्बा’ही त्याच धातूचा. मराठीत हा शब्द कसलेल्या राजकारण्याचे बिरुद झाला. बांगलादेशात मात्र गावच्या सालिशीत निवाडा देणारे वडीलधारे म्हणजे ‘मुरुब्बी’. पालनकर्ता न्यायाधीश झाला, तो कोणाच्या संमतीने?

१९९३ साली मौलवीबाजार जिल्ह्यातील एका गावी सालिशीने एका तरुणीचा दुसरा विवाह अवैध ठरविला आणि तिला खड्ड्यात उभे करून दगड मारविले. त्यानंतर तिने आत्महत्या केली. हेच का ते संगोपन?

न्यायालये दूर, वकील महाग. म्हणून मुरुब्बी हवेत, असा युक्तिवाद केला जातो. मग न्याय गावाजवळ आणावा. जमीन, वय आणि पुरुषपण यांच्या बळावर बसलेल्यांच्या हाती तो का सोपवावा? महाराष्ट्रानेही या प्रश्नी शेजाऱ्याकडे बोट दाखवू नये. जातपंचायतींच्या पंचांना आवरण्यासाठी येथील विधिमंडळाला २०१६ साली सामाजिक बहिष्काराविरुद्ध कायदा संमत करावा लागला.

वडीलधाऱ्यांना आदर अवश्य द्यावा. शिक्षेचा अधिकार मात्र ज्याला जाब विचारता येतो, त्या कायद्याकडेच राहिला पाहिजे. मुरलेले सारेच गोड नसते.