शिळ्या पावाचा हिशेब

फ्रेंच टोस्टला फ्रान्समध्ये ‘पँ पेर्द्यू’, म्हणजे ‘वाया गेलेला पाव’ म्हणतात. शिळा पाव अंड्या-दुधात बुडवायचा, तव्यावर परतायचा. फोडणीच्या पोळीत आपण बायका हेच करत आलो. पण रविवारी नवऱ्याने टोस्ट केला की घरभर कौतुक! पाव शिळा होतोय हे कुणी पाहिलं, अंडी कुणी आणली, तवा कुणी घासला, हे कुणी विचारत नाही. २०२४ च्या सरकारी वेळ-वापर पाहणीनुसार, घरकाम करणाऱ्यांपैकी बायका त्यात रोज सरासरी २८९ मिनिटं घालवतात, पुरुष ८८. माझं म्हणणं एवढंच : मुलग्यांना नुसता टोस्ट नको, पावाचा डबा बघण्यापासून तवा घासण्यापर्यंत सगळं शिकवू या. ती मदत नव्हे, वाटणी आहे.