प्रियाचा 'प' कुठे सांडला?

आमच्या आक्काला नात झाली माघात आणि बारसे झाले वैशाखात. मुंबईत जन्मलेल्या बाळांची बारशी हल्ली मे महिन्याच्या सुटीची वाट पाहत थांबतात. देवबागेत, आक्काच्या माडांखाली मांडव घातला. घुगऱ्या झाल्या, पाळणा हलला, आत्याने बाळाच्या कानाशी तोंड नेले आणि मग सर्वांना ऐकू जाईल असे नाव उच्चारले, "रिया!"

आक्काच्या हातातले घुगऱ्यांचे पातेले जागच्या जागी थांबले.

तिने नाव कधीच ठरवून ठेवले होते. गंगा. तिच्या सासूचे नाव. भावोजी आजाराने लवकर गेले, तेव्हा पदरी लहान मुलगा आणि घरात मिळवते कोणी नाही. त्या दिवसांत गंगाबाई ओहोटी लागली की कर्लीच्या खाडीत उतरायच्या. खडकावरची कालवे फोडायच्या, गुडघाभर पाण्यात वाकून तिसऱ्या वेचायच्या आणि पाटी डोक्यावर घेऊन दारोदार विकायच्या. माझा भाचा शिकला तो त्या पाटीवर. तेव्हा नातीला पणजीचे नाव ठेवायचे ही आक्काच्या दृष्टीने नुसती रीत नव्हती, देणे होते. मुलाला तिने फोनवर सांगितलेही होते. तो म्हणाला, "बघू." आमच्या घराण्यात 'बघू' म्हणजे 'नाही', हे आक्काला कळायला हवे होते.

पंगत उठल्यावर तिने मला मागल्या पडवीत गाठले.

"रिया! प्रियाचो 'प' खय सांडलो रे? तू मास्तर. तीस वर्सां पोरांक शिकवलंस. ह्या नावाक अर्थ काय, सांग माका."

मला सांगता येईना. सूनबाई दाराआड होत्या, त्यांनी हे सारे ऐकले. चौथ्या दिवशी मंडळी मुंबईला परतली आणि जाताना सूनबाई सहज बोलल्यासारखे बोलून गेल्या की, यंदा चतुर्थीला रजा मिळणे कठीण दिसते. वाचकहो, कोकणात चतुर्थीला घरी न येणे म्हणजे काय, हे कोकणच्या माणसाला समजावून सांगावे लागत नाही. तेव्हा त्या नावाचा अर्थ शोधणे ही माझी नुसती हौस उरली नव्हती.

प्रथम नावांची पुस्तके पाहिली. एकात 'रिया म्हणजे गाणारी', दुसऱ्यात 'श्रेष्ठ'. शब्द कुठून आला, धातू कोणता, याचा पत्ता नाही. ह्या पुस्तकांतून अर्थ प्रसादासारखे वाटतात. हात पुढे केला की काहीतरी पडते. संस्कृतात 'प्रिया' आहे, तो 'प्री' धातूचा. त्यातला 'प' काढला तर उरते ते काही विशेषण होत नाही. आक्काची शंका अगदीच अडाणी नव्हती.

खरे तर नाव अर्थासाठीच ठेवतात असे तरी कुठे आहे? आपल्याकडे दगडू आणि धोंडू ही नावे ठेवली, ती मुलाला कोणाची दृष्ट लागू नये म्हणून. इरावतीबाई कर्वे १९०५ साली ब्रह्मदेशात जन्मल्या, म्हणून तिथल्या इरावती नदीचे नाव त्यांना मिळाले. स्पेनमध्ये तर मुलींची नावे ऐकून आपण बुचकळ्यात पडू. 'दोलोरेस' म्हणजे दुःखे, 'सोलेदाद' म्हणजे एकांत, 'रोसियो' म्हणजे दव. ही सारी मेरीमातेच्या बिरुदांवरून आलेली. 'मार' म्हणजे समुद्र, तेही नाव आहे. पूर्ण रूप 'मारिया देल मार', सागराची मेरी. हॉलंड-जर्मनीकडे 'मारिया'चेच शेपूट तोडून 'रिया' करतात, असेही आढळले. पण मेरीमातेचे नाव घेऊन आक्कासमोर उभे राहायचे धैर्य मला होईना.

आणि मग एका रात्री, पंखा बंद पडून झोप उडालेली असताना, मला स्वतःचेच हसू आले. तीस वर्षे मी फळ्यावर खडूने काय लिहीत होतो? 'रिया किनारा'!

स्पेनच्या वायव्य टोकाला गॅलिशिया नावाचा प्रांत आहे. भरपूर पाऊस, हिरवे डोंगर आणि जमिनीत लांबवर शिरलेले समुद्राचे हात. व्हिगो, पोंतेवेद्रा, आरोसा. त्या हातांना तिथले लोक 'रिया' म्हणतात. स्पॅनिशमध्ये 'रिओ' म्हणजे नदी. तो शब्द पुल्लिंगी. त्याचेच स्त्रीलिंग करून 'रिया', म्हणजे समुद्र आत शिरलेले नदीचे मुख. रिख्टहोफेन ह्या जर्मन भूगोलवेत्त्याने १८८६ साली तो शब्द उचलून अशा सगळ्याच किनाऱ्यांना लावला आणि फिरत फिरत तो मालवणातल्या माझ्या फळ्यावर येऊन बसला. सुमारे वीस हजार वर्षांपूर्वी, हिमयुग ऐन भरात असताना समुद्राची पातळी आजच्याहून सुमारे १२० मीटर खाली होती. बर्फ वितळले, पाणी चढले आणि नद्यांच्या दऱ्यांत घुसले. दरी बुडाली, तिची रिया झाली. आपण तिला खाडी म्हणतो.

खाडी! आपल्याकडे मुलींना गोदावरी, कृष्णा, यमुना, कावेरी अशी नद्यांची नावे हौसेने ठेवली. खाडीचे नाव मात्र कोणी ठेवल्याचे माझ्या ऐकिवात नाही. सूनबाईंनी हे नाव स्पेनहून मागवले असे माझे म्हणणे नाही. त्यांनी ते कानाला गोड लागले म्हणून ठेवले, आणि मला तेवढे कारण पुरते. पण एकदा धागा हाती लागल्यावर सोडवेना. स्पॅनिश 'रिओ' आला लॅटिन 'रीवुस'वरून, म्हणजे ओढा. त्यावरूनच इंग्रजीतला 'रायव्हल', प्रतिस्पर्धी, कारण मुळात त्याचा अर्थ एकाच ओढ्याचे पाणी वापरणारा असा होता. (आमच्या घरी एकाच मुलावर हक्क सांगणाऱ्या सासू-सुना मला इथे आठवल्या.) भाषाशास्त्रज्ञ ह्या 'रीवुस'चे नाते संस्कृतातल्या 'री' धातूशी जोडतात. 'रीयते' म्हणजे वाहते. आणि त्याच 'री' धातूपासून 'रीति', आपली रीत! प्रवाह, वाहण्याची वाट, हा तिचा जुना अर्थ. आक्का जिच्यासाठी अडून बसली होती ती रीत आणि जिच्यावर रुसली होती ती रिया, ह्या दूरच्या का होईना, बहिणी निघाल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीने देवबाग गाठले. आक्का सुपात तांदूळ निवडत होती. हिमयुग आणि लॅटिन मी गाळले. म्हटले, "आक्का, रिया म्हणजे खाडी." तिचा हात थांबला. मग गॅलिशियातल्या बायकांचे सांगितले. त्याही ओहोटीला रियेत उतरतात, वाकून तिसऱ्यांसारखेच शिंपले वेचतात.

"गंगाबाईसारख्या?"

"तशाच."

ती बराच वेळ माडांपलीकडच्या पाण्याकडे पाहत राहिली. मग म्हणाली, "मगे गंगाच ती. गोड्या पाण्याक मीठ लागला, दुसरा काय!"

आणखी एक गोष्ट मी तिला सांगितली. स्पॅनिशमध्ये हसणे ह्या क्रियापदाचे एक रूपही 'रिया' असेच होते. त्याचा अर्थ 'ती हसो'. त्यावर आक्का म्हणाली, "ता आधी सांगाचा नाय?" आणि फोन मागितला. सूनबाईंशी ती काय बोलली ते सगळे मी ऐकले नाही. "चवथीक येवचाच पडतला" एवढे मात्र पडवीपर्यंत आले.

रजा मिळाली. पाच दिवसांची मागितली होती, सात दिवस राहिली मंडळी. पाचव्या दिवशी गणपती पोचवले आणि दुसऱ्या दिवशी ओहोटीला सूनबाईच म्हणाल्या, गंगाबाई कुठे उतरायच्या ती जागा मला दाखवा. दोघी पाटी घेऊन गेल्या. परतल्या तेव्हा दोघींची लुगडी-पातळे गुडघ्यापर्यंत भिजलेली आणि पाटी अर्धी भरलेली. बाळ तोवर माझ्या मांडीवर होते. तिसऱ्यांच्या सुक्याला खोबरे किती घालावे, यावर मात्र दोघींचे एकमत अजून व्हायचे आहे.