शांततेची साक्ष

डिसेंबर 1961 मध्ये, भारतीय सेना गोव्यात शिरण्यापूर्वीच्या दिवसांत, काही परदेशी बातमीदार पणजीत मुक्कामाला होते. शहर शांत आहे, दंगाधोपा कोठे नाही, असे त्यांनी कळविले. त्यावरून ‘गोमंतकीय जनता सुखी होती, भारताने आक्रमण केले’ अशी हाकाटी पाश्चात्त्य देशांत झाली. पोर्तुगीज अमदानीचे गोडवे गाणारे आजही तीच री ओढतात.

बातमीदारांनी खोटे लिहिले असे नव्हे. गोव्यातील अशांततेविषयीचे दिल्लीचे दावेही अतिरंजित होते, हे मान्य केलेच पाहिजे. प्रश्न निराळा आहे. जेथे सभेला परवाना लागे, वृत्तपत्राचा मजकूर सेन्सॉरच्या हाताखालून जाई, निमंत्रणपत्रिकासुद्धा छापण्यापूर्वी दाखवावी लागे, तेथे रस्त्यावरची शांतता कशाची साक्ष देते?

बाजारात विलायती मद्य आणि घड्याळे स्वस्त होती; लोहखनिजाच्या निर्यातीचा पैसा खेळत होता. पाहुण्याला ते दिसले. भाटकाराच्या जमिनीवर झोपडी बांधून राहणारा, तेथून हुसकले जाण्याच्या धास्तीत जगणारा मुंडकार त्याला कोण दाखविणार? आणि पाहुणा भेटलाच, तर मुंडकार बोलणार तरी कसा? डॉ. लोहियांनी 18 जून 1946 रोजी मडगावला बंदी मोडली. त्याच वर्षी त्रिस्तांव ब्रागांझ कुन्हा यांना शिक्षा ठोठावून पोर्तुगालच्या तुरुंगात धाडण्यात आले. नानासाहेब गोरे आणि मधु लिमये 1957 पर्यंत कोठडीत होते. बोलण्याची किंमत गोमंतकात सर्वांना पाठ होती.

बर्लिनहून लिहिणाऱ्या विल्यम शायररने 1936 च्या हिवाळी ऑलिंपिकपूर्वी कळविले की, ज्यूविरोधी पाट्या पाहुण्यांसाठी उतरविल्या आहेत. नाझी वृत्तपत्रे त्याच्यावर तुटून पडली. उतरविलेली पाटी पाहणे, हेच हुकूमशाहीतील बातमीदाराचे खरे काम होय.

सालाझारने गोमंतकीयांचे मत मोकळेपणी कधीच अजमावले नाही. 14 डिसेंबर 1961 रोजी त्याने आपल्या सैनिकांना मात्र मरेपर्यंत लढण्याचा आदेश दिला. 19 तारखेला त्याच्याच गव्हर्नर जनरलने शरणागती पत्करली.

गोव्याचा महामार्ग ज्या पनवेलहून सुटतो, तेथील हिरवे गुरुजी 1955 च्या सत्याग्रहात हुतात्मा झाले. हाती शस्त्र नसलेल्यांवर त्या राजवटीने गोळ्या झाडल्या. शांततेचे दाखले देणाऱ्यांनी आधी एवढेच सांगावे: ती शांतता मोडणाऱ्याचे पुढे काय होत असे?